सेटवरच्या फोनची तार

“पण सर, तो फोन खरा होता की नव्हता? एवढंच सांगा मला.”

उन्मेष दारातच उभा होता. बूटसुद्धा काढले नव्हते.

सिरिलबाबा ओसरीवर वाटाणे सोलत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

“बूट काढ की आधी,” ते म्हणाले.

“सर, अडीचला खाली वाईत सीन लावायचाय. वेळ नाहीये.”

“मग बुटासकट परत जा.”

उन्मेषनं बूट काढले. मी त्याच्या मागं उभी होते, पर्स छातीशी धरून. पर्समध्ये एक फोन होता आणि तो माझा नव्हता.

आधी हे सगळं काय ते सांगून टाकते, मग पुढं जाते.

मी नलिनी पेंढारकर. सेटवर सगळे नलूताई म्हणतात. एकतीस वर्षं मालिकांची कंटिन्युइटी सांभाळतेय. म्हणजे कुठल्या सीनला हिरॉइनच्या कपाळावर कुठली टिकली होती, चहाचा कप डाव्या हातात होता की उजव्या, ते वहीत लिहायचं. वेळेसकट. माझ्या वहीत खोटं नसतं, याचा मला फार अभिमान होता.

उन्मेष तारकुंडे आमचा दिग्दर्शक. एक्केचाळीस वर्षांचा, हुशार, आणि आपण हुशार आहोत हे दिवसातून दहादा आठवणारा. पंधरा वर्षांपूर्वी तो सिरिलबाबांकडे सहा महिने राहिला होता. अंगण झाडायचा, भांडी घासायचा आणि दिग्दर्शन शिकायचा.

बाबा म्हणजे सिरिल ब्रॅमवेल. ब्रिटिश टेलिव्हिजनवर नाटकं करणारा माणूस. आधी स्टुडिओत केबली ओढल्या, मग पोलिसांच्या मालिका, हॉस्पिटलच्या मालिका, मग दीड-दीड तासाची स्वतंत्र नाटकं. अशी एक्केचाळीस. त्यातल्या निम्म्यांच्या टेपा पुसून त्यांच्यावर दुसरंच काहीतरी भरलं, कारण टेप महाग असायची. हे ते हसत सांगत. चाळीस वर्षांपूर्वी पांचगणीला आले ते परत गेलेच नाहीत. मराठी बाजारात शिकले, त्यामुळे ती बाजारातल्यासारखीच रोखठोक. आता शहाऐंशी वर्षांचे होते.

आणि आता ते पर्समधल्या फोनचं.

रडारडीचा सीन असला की उन्मेषच्या सेटवर सगळ्यांचे फोन एका दुरडीत जमा होतात. दुरडी माझ्या ताब्यात. त्या दुपारी बारा वाजून दहा मिनिटांनी शलाकाचा फोन तिसऱ्यांदा वाजला. शलाका देवळेकर, आमची हिरॉइन. तीनदा वाजला म्हणून मी उचलला.

तिचा भाऊ होता, भूषण. कराडहून. वडिलांना सकाळी हार्ट अटॅक आला होता. डॉक्टर म्हणत होते, आजचा दिवस निघेल की नाही सांगता येत नाही. आणि वडील सारखं विचारत होते, शलू आली का.

“सांगते हं, लगेच सांगते,” मी म्हणाले.

आणि गेले उन्मेषकडे. सेटचा नियमच तो. सीनच्या आधी कलाकाराला काही सांगायचं तर दिग्दर्शकानं सांगायचं, बाकी कुणी तोंड उघडायचं नाही. एकतीस वर्षं पाळला मी तो. आग लागो त्या नियमाला.

उन्मेषनं शांतपणे ऐकलं. मला वाटलं, आता गाडी मागवेल.

त्यानं लेखकाला फोन केला.

शलाकाचा अडीचचा सीन होता सासूशी भांडणाचा. त्यानं तो बदलून घेतला. भांडण काढलं आणि तिथं माहेरून येणारा एक फोन घातला.

“कॅमेरा चालू असताना तिचाच फोन तिच्या हातात देऊ,” तो मला म्हणाला. “पलीकडून खराखुरा भाऊ बोलेल. नलूताई, असा शॉट मराठीत कुणी घेतलेला नाही.”

  आणि मी बाई काय केलं? वहीत वेळ लिहिली. बारा दहा.

जेवणाची सुट्टी झाल्यावर तो गाडी काढून घाट चढायला लागला. गुरूचा आशीर्वाद पाहिजे होता त्याला. मीही येते म्हणाले. शलाकाचा फोन दुरडीतून काढून पर्समध्ये टाकला. वाटलं, वाटेत कुठंतरी मला हिंमत होईल. पसरणीचा घाट संपला तरी झाली नाही.

तर आम्ही ओसरीवर बसलो.

“कुठला फोन म्हणतोस?” बाबांनी विचारलं.

“तुमच्या त्या नाटकातला. बाई फोन उचलते, ऐकते, आणि चार मिनिटं कॅमेरा तिच्या चेहऱ्यावरून हलत नाही. इंटरनेटवर आहे तो तुकडा. मी दोनशे वेळा पाहिलाय, सर. लोक म्हणतात, तिला खरी बातमी दिली तुम्ही. कॅमेऱ्यासमोर.”

बाबांनी शेंग उकलली. दाणे पातेल्यात पाडले.

“व्हय,” ते म्हणाले. “खरा होता फोन.”

उन्मेषचा चेहरा उजळला. देवाशपथ सांगते, उजळला.

“मला माहीतच होतं! सर, माझ्या सेटवर ग्लिसरीनची बाटली सापडली तर मी माणूस घरी पाठवतो. डोळ्यांत खोटं पाणी नको. तुम्हीच शिकवलंत ना, खरं असेल तेवढंच दाखव.”

“म्हणालो असेन. म्हाताऱ्यांचं सगळं लक्षात ठेवायचं नसतं.”

मग उन्मेषनं त्याचं सगळं सांगितलं. भूषणचा फोन, बदललेला सीन, अडीचची वेळ. उत्साहानं सांगितलं. सीनचा कागदही काढून दाखवला.

बाबांचे हात थांबले. अर्धी सोललेली शेंग तशीच बोटांत राहिली.

“तिचा बाप जिवंत हाय?”

“हो. म्हणजे... बाराला होता.”

बाबांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. एक वाजून पंचवीस मिनिटं झाली होती.

“कराडला जायला किती लागतं?”

“वाईतून दोन तास,” मी म्हणाले.

“मग हितं काय करतोस तू?”

“तुम्हाला विचारायला आलो, सर.”

“काय?”

उन्मेष अडखळला. “हेच की... बरोबर आहे ना, ते.”

 मला वाटलं, बाबा आता ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं.

“या पोरीला आधी कधी फसवलंयस?” त्यांनी विचारलं. “रडवायला?”

“फसवलं असं नाही, सर. ते कामाचा भाग म्हणून...”

“तीन वेळा,” मी म्हणाले.

उन्मेषनं माझ्याकडे रागानं पाहिलं. मी वही उघडली. वाचून दाखवलं. एकदा सांगितलं, चॅनेलनं तुला मालिकेतून काढलंय. एकदा सांगितलं, तुझं घर फोडलं. मागच्या महिन्यात सांगितलं, तुझ्या कुत्र्याला गाडीनं उडवलं. तिन्ही वेळा ती ढसाढसा रडली. तिन्ही वेळा हा टाळ्या वाजवत पुढं आला आणि म्हणाला, वेडे, काही झालेलं नाही, शॉट ओके.

“हं,” बाबा म्हणाले. “मी चार वेळा.”

“काय चार वेळा?”

“आयलीनला. त्या फोनवाल्या नटीचं नाव आयलीन होतं. मी तिला चार वेळा फसवलं होतं. तिच्या बापाचं नाव, पत्ता, आजार, सगळं मी विचारून ठेवायचो. कधी कामाला येईल म्हणून.”

उन्मेष पुढं सरकून बसला. अजूनही त्याला ती गोष्ट ऐकायचीच होती. कसा शॉट घेतला, कॅमेरा कुठं होता.

बाबा सांगायला लागले.

“आमची दिग्दर्शकाची जागा वर असायची. काचेची खोली. समोर सहा पडदे. खाली सेट. त्या सीनमध्ये तिला हॉस्पिटलातून फोन येतो. सेटवरच्या फोनला खरी तार होती. तिकडून आमची मदतनीस पोरगी ओळी बोलायची, म्हणजे नटीला कानात काहीतरी ऐकू यावं.”

“हो,” उन्मेष म्हणाला.

“सात चाळीसला वरच्या खोलीत फोन आला. हल गावच्या हॉस्पिटलातून. आयलीनचा बाप. गोदीतला हमाल होता. नर्स म्हणाली, सकाळ बघायचा नाही, लेकीला बोलवा. गाव तासाभरावर होतं.”

बाबांनी पुन्हा घड्याळ पाहिलं. 

“मी आमच्या इंजिनियरला म्हटलं, हा फोन खालच्या फोनला जोड. तो नको म्हणाला. पोराबाळांचा माणूस होता. मी म्हटलं, जोड... जोडला त्यानं.”

“आणि?”

“तिनं उचलला. नर्स बोलली. तू दोनशे वेळा बघितलंयस. सांग, ती रडते कुठं?”

  उन्मेष डोळे बारीक करून आठवत राहिला.

“...रडत नाही,” तो म्हणाला. “एकदाही नाही. नुसती तार बोटाला गुंडाळते. आणि शेवटी म्हणते, हो, येते मी. सांगा त्यांना.”

“ती तिची ओळ होती. नाटकातली. लिहिलेली.”

“म्हणजे?”

“ॲक्टिंग करत होती, बाळा. फार चांगली केली.”

उन्मेषला कळलं नाही. खरं सांगायचं तर मलाही कळलं नाही.

“सीन संपल्यावर ती जिना चढून वर आली,” बाबा म्हणाले. “हसत. म्हणाली, काय दुष्ट माणूस आहेस रे तू! माझ्या बापाचं नाव घातलंस? हलचं हॉस्पिटल घातलंस? मला रडवायला? मी पण ठरवलं, नाहीच रडायचं. बघ, जमलं की नाही?”

...

मी तोंडावर हात दाबून धरला. नाहीतर किंचाळले असते.

“मग तुम्ही सांगितलंत ना तिला?” उन्मेषचा आवाज एकदम बारीक झाला. “लगेच?”

“मी म्हणालो, झकास.”

“सर...”

“अजून दोन सीन राहिले होते. दहाला स्टुडिओचे दिवे बंद व्हायचे. युनियनचा नियम. एक मिनिट जास्त मिळायचं नाही. मी दोन्ही सीन घेतले. दिवे बंद झाल्यावर सांगितलं.”

“काय म्हणाली ती?”

“म्हणाली, कुठला फोन?”

 उन्मेषच्या हातातला सीनचा कागद चुरगळला होता. त्याचं त्याला भान नव्हतं.

“पोचली ती?” मी विचारलं.

“नाही, बाई.”

मला रडू फुटलं. पन्नासेक पावसाळे झाले असतील त्या बापाला जाऊन. मी त्याला कधी पाहिलं नाही, त्याची भाषा मला येत नाही. तरी फुटलं.

“नंतर वर्षानं त्या नाटकाला बक्षीस मिळालं,” बाबा म्हणाले. “समारंभाला आयलीन आली होती. माझ्या शेजारी येऊन बसली. म्हणाली, ती नर्स मला भेटली. नर्सनं फोनवर ऐकलं ना, हो, येते मी, सांगा त्यांना. मग तिनं सांगितलं.”

“कुणाला?”

“त्याला. तुमची लेक येतेय म्हणून.”

उन्मेषनं तो कागद खाली ठेवला.

“नर्सनं आणखी एक गोष्ट सांगितली होती,” बाबा म्हणाले. “ती राहू दे... मग माझं नाव पुकारलं आणि मी उठून बक्षीस घेऊन आलो.”

“त्यानंतर तुम्ही काम सोडलंत,” उन्मेष म्हणाला. विचारत नव्हता. तसंच असेल असं त्यानं धरून ठेवलं होतं, आणि त्याला तसंच असायला हवं होतं.

“सोडतोय कसला? नऊ वर्षं केलं. चांगलं चाललं. नवे सूट शिवले.”

“मग?”

“मग एकदा माझाच फोन आला. माझी आई. शेवटचं चाललं होतं. मी वर काचेच्या खोलीत होतो. ऐकून घेतलं. घड्याळ बघितलं. म्हणालो, एवढा सीन होऊ दे.” बाबांनी हातातली शेंग पातेल्यात ठेवली, सालासकट. “कुणी अडवलं नव्हतं मला. मीच म्हणालो.”

तेवढ्यात माझी पर्स वाजायला लागली.

 तो फोन बाहेर काढला. पडद्यावर नाव होतं, भूषण.

“द्या इकडं,” बाबा म्हणाले. फोन घेतला आणि तसाच उन्मेषपुढं धरला. “बोल.”

“मी? मी काय बोलू?”

“दिग्दर्शक तू हायस.”

फोन वाजतच होता. उन्मेषनं घेतला. स्पीकर कसा लागला कुणास ठाऊक, त्याचा अंगठा कुठंही पडत होता.

“ताई?” पलीकडून आवाज आला. “ताई, कुठंयस तू?”

“मी... मी उन्मेष. दिग्दर्शक.”

“सर, ताई निघाली का? बाबा फार कासावीस झालेत. सारखं विचारतायत. काय सांगू त्यांना?”

उन्मेषनं बाबांकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग जमिनीकडे.

“हो,” तो म्हणाला. “निघालीय ती. येतेय.”

“बरं झालं, सर! फार उपकार झाले. थांबा, बाबांना सांगतो.”

फोन बंद झाला.

मी उन्मेषकडे बघतच राहिले. तोही माझ्याकडे. आपण काय बोलून बसलो ते त्याला तेव्हा कळलं. फोन त्याच्या हातातून मांडीवर पडला.

“अगदी असंच म्हणाली होती आयलीन,” बाबा म्हणाले.

मग मात्र मी थांबले नाही. कुणाची परवानगी विचारली नाही. माझा फोन काढला, स्पीकरवर असिस्टंटला लावला, म्हटलं, शलाकाला दे, आत्ताच्या आत्ता, आणि एक गाडी दारात उभी कर.

“बोला, नलूताई.” शलाकाचा आवाज. तोंडात घास होता.

“शलाका, नीट ऐक. तुझ्या बाबांना सकाळी अटॅक आलाय. भूषणचा फोन होता. तू लगेच कराडला नीघ.”

 ती हसली.

हसली! 

“नलूताई, तुम्हीसुद्धा? सरांनी तुम्हालाही कामाला लावलं का? आता बाबांवर आले होय!”

“अगं, खरं आहे गं. शपथ.”

“कुत्र्याच्या वेळी पण शपथच घेतली होती त्यांनी. कॅमेरा कुठं लावलाय? मेकअपमध्येच का? थांबा हं, घास गिळते, मग रडते.”

उन्मेषनं माझ्या हातातून फोन हिसकावला.

“शलाका, मी बोलतोय. खरं आहे. मी हात जोडतो. नीघ तू. सीन गेला खड्ड्यात.”

“वा, सर! काय आवाज लावलाय! तुम्हीच काम करा ना मालिकेत.”

“शलाका, प्लीज... मी खोटं बोलत नाहीये.”

“हो, हो. नाही बोलत.”

उन्मेषला रडू कोसळलं. खरंखुरं, ग्लिसरीनशिवाय. फोनमधून ते तिला ऐकू जात होतं, आणि ती म्हणत होती, भारी, सर, भारी. मी आयुष्यात इतकं भयंकर काही ऐकलेलं नाही.

सिरिलबाबा उठले. गुडघ्यांवर हात टेकून, हळू. आतल्या खोलीत, दाराजवळच्या स्टुलावर त्यांचा जुना काळा फोन होता, गुंडाळीच्या तारेचा.

“पोराचा नंबर?” त्यांनी मला विचारलं.

वहीत होता. बारा दहाच्या खाली मीच लिहिलेला. मी वाचला, त्यांनी फिरवला. वाटाण्याच्या सालांनी बोटं हिरवी झाली होती.

पलीकडून भूषणचा आवाज आला. बाबा त्याच्याशी काही बोलले नाहीत. तार ताणून ते ओसरीच्या उंबऱ्यापर्यंत आले, उन्मेषच्या हातातला माझा फोन घेतला आणि तो काळा रिसीव्हर त्याला उलटा लावून धरला. याचं तोंड त्याच्या कानाला, त्याचं याच्या. दोन्ही हातांनी घट्ट, आणि डोळे मिटून.

“हॅलो? हॅलो?” भूषण म्हणत होता. “कोण आहे? ताई, तू आहेस का?”

शलाकाचं हसू थांबलं.

“ताई, कुठपर्यंत आलीस? बाबांना सांगितलंय मी, तू निघालीस म्हणून. तेव्हापासून शांत पडलेत. ये गं लवकर.”

माझ्या फोनमधून ताट पडल्याचा आवाज आला.

 मग खुर्ची. मग शलाका कुणाला तरी ओरडून विचारत होती, गाडी कुठंय, गाडी. तिचा आवाज लांब लांब गेला आणि फोन तसाच चालू राहिला. कुणीतरी जेवणाच्या हॉलमध्ये विचारत होतं, काय झालं, काय झालं.

बाबांनी दोन्ही फोन वेगळे केले. माझा मला दिला. काळा जागेवर ठेवला.

असिस्टंटनं नंतर कळवलं, गाडी एक त्रेपन्नला निघाली. मी वहीत लिहिलं. बारा दहा आणि एक त्रेपन्न. मधली एक तास त्रेचाळीस मिनिटं माझ्या अक्षरात आहेत. ती मला कुठंही खोडता येणार नाहीत.

उन्मेष ओसरीच्या पायरीवर बसला होता. बूट घालायचा प्रयत्न करत होता, नाडी बांधता येत नव्हती. मी खाली बसून बांधली. आईसारखी वगैरे नाही हं. रागच आला होता मला त्याचा, आणि त्याहून जास्त माझा. पण बांधली.

बाबा परत वाटाणे सोलायला बसले होते. मघाची सालासकट टाकलेली शेंग पातेल्यातून शोधून काढत होते.

उन्मेष उठला. दोन पावलं गेला. फाटकाशी थांबला, पण मागं वळला नाही.

“सर,” तो म्हणाला, “त्या नर्सनं आणखी एक गोष्ट सांगितली होती म्हणालात.”

“राहू दे म्हणालो ना.”

“सांगा.”

...

बाबांना शेंग सापडली. त्यांनी ती उकलली नाही.

“माझी खाट दाराकडं वळवा, म्हणाला होता तो.”